घेण्यास नकार दिला

"'नकार' लिहू का 'घर बंद' लिहू?" हिरवेनं विचारलं.

आम्ही कोर्टाच्या आवारातल्या कॅन्टीनमध्ये बसलो होतो. त्याची कातडी बॅग टेबलावर होती आणि बॅगेत माझ्या सासऱ्यांच्या नावाचं समन्स होतं. त्यावर अर्जदार म्हणून माझं नाव होतं, निवृत्ती सांगळे.

मी आणि हिरवे दोघंही तालुक्याच्या कोर्टात बेलीफ. कोर्टाचे कागद गावोगाव जाऊन माणसाच्या हातात द्यायचे, सही घ्यायची, सही मिळाली नाही तर का मिळाली नाही ते मागं लिहून कचेरीचे प्रमुख असलेल्या नाझरसाहेबांच्या टेबलावर ठेवायचं, हे आमचं काम. मी माझ्या मुलीच्या ताब्यासाठी जिल्ह्याच्या कोर्टात अर्ज केला होता. समन्स बजावायला आमच्याच नाझरांकडे आलं. अर्ज माझा, म्हणून ते मला देता येईना. हिरवेकडे गेलं.

"घर बंद लिहिलं तर पुन्हा जावं लागतं," हिरवे म्हणाला. "दोनदा, तीनदा. महिने जातात. आणि कागद खरंच हातात दिला तर तुझा सासरा वकील लावील. तारखा पडतील. दोन वर्षं कुठं गेली नाहीत. तोवर पोरगी तुला काका म्हणेल."

"आणि नकार?"

"नकार म्हणजे मिळालं असंच धरतात. एक प्रत दाराला चिकटवली, दोन पंच. पुढच्या तारखेला ते हजर नाहीत, एकतर्फी हुकूम, पोरगी घरी. तुला काय मी शिकवू?"

शिकवायची गरज नव्हती. माझी नोकरी तेव्हा अकरा वर्षांची होती.

"पंच?" मी विचारलं.

"स्टँडवर चहा पाजला की दोन मिळतात."

त्याच्यापुढचा कप रिकामा होता, मी आणखी एक सांगितला. मी 'लिही' म्हणालो नाही हे खरं आहे. पण 'नको' असंही म्हणालो नाही. पुढं चौकशीत मला हेच विचारलं गेलं आणि मी हेच उत्तर दिलं.

ही गोष्ट सत्त्याऐंशी सालची. रत्नाला जाऊन तेव्हा दोन वर्षं झाली होती. कावीळ झाली, सात दिवसांत गेली. चित्रा तीन वर्षांची होती. दहावा-तेरावा झाल्यावर सासूबाई म्हणाल्या, पोरीला महिनाभर आमच्याकडे राहू द्या. मी हो म्हणालो. मला तेव्हा स्टोव्हसुद्धा पेटवता येत नव्हता. महिन्याचे दोन झाले, मग वर्ष झालं. मी पंधरा दिवसांनी मळेवाडीला जायचो, मुलगी माझ्या मांडीवर बसायची, संध्याकाळच्या बसनं मी परत यायचो. घरी रत्नाची एक साडी दोरीवर होती. ती मी काढली नव्हती. घडी कशी घालायची ते कळत नव्हतं, हे एक कारण.

दुसऱ्या वर्षी मी म्हणालो, चित्राला पहिलीत तालुक्यालाच घालतो, घेऊन जातो. सासूबाई म्हणाल्या, "तुम्ही दिवसभर सायकलीवर गावं हिंडणार. पोरीला बघायचं कुणी? आधी दुसरं लग्न करा, मंग बघू." त्या सरळ बोलल्या होत्या. मला ते लागलं. मी जेवता जेवता उठलो आणि पुढच्या आठवड्यात वकिलाकडे गेलो. वकील म्हणाले, आईच्या मागं बाप हाच नैसर्गिक पालक, आजोबांना कायद्यानं काही हक्क नाही, केस सरळ आहे.

त्यानंतर मी मळेवाडीला गेलो नाही. केस केली आहे हे तोंडानं सांगायचं धैर्य नव्हतं. समन्स सांगेल, असं मनाशी म्हणालो. मग हिरवेनं ते काम केलं.

चौदा मार्चला त्यानं अहवाल लिहिला. एप्रिलच्या तिसऱ्या आठवड्यात हुकूम झाला. वकिलांनी प्रत हातात दिली आणि म्हणाले, "दिली नाही मुलगी तर पोलीस घेऊन जाऊ. आधी एकदा गोडीनं बघा."

मी एका दिवसाची रजा काढून मळेवाडीला गेलो.

माझे सासरे रंगनाथ आव्हाड गावचे पोस्टमास्तर होते. छोट्या गावात पोस्टाला वेगळी इमारत नसते. त्यांच्या घराची पुढची खोली म्हणजेच पोस्ट. भिंतीला लाल पेटी, आत एक टेबल, तराजू, शिक्का. टपाल घेणं, शिक्का मारणं, घरोघर वाटणं सगळं तेच करायचे. गाव त्यांना मास्तर म्हणायचं. मी मामा म्हणायचो आणि सासूबाईंना मामी.

मी पोचलो तेव्हा ते पत्रं लावत होते. चित्रा टेबलाखाली बसून रद्दी कागदावर शिक्के मारत होती. दोन्ही हातांवर मनगटापासून कोपरापर्यंत त्या दिवसाच्या तारखा उमटल्या होत्या. मला बघून ती मामांच्या खुर्चीमागं गेली.

"अगं, कोण आलंय?" मामा म्हणाले.

"पाव्हणं."

"पाव्हणं काय! दादा आहेत तुझे."

तिनं माझ्याकडे बघितलं आणि उजव्या अंगठ्यानं डावं मनगट खाजवलं. रत्ना असंच करायची. मी दुसरीकडे बघितलं.

मामी आतून पाणी घेऊन आल्या. "चार महिने झालं, जावईबापू. पाय मोडला होता का?"

"कामं होती."

"कामं आम्हालाबी असत्यात. बसा, भाकरी टाकते."

जेवण झालं. कागद खिशातच होता. दोनदा हात खिशापर्यंत गेला आणि परत आला. मामांनी सुपारी कातरली, मला दिली आणि म्हणाले, "काढा आता."

"काय?"

"खिशातला कागद. छत्तीस वर्षं कागद वाटतोय मी. माणूस कागद घेऊन आला की त्याच्या बसण्यावरून कळतं. तुम्ही आल्यापासून उजव्या अंगाला रेलून बसलाय."

मी कागद दिला. त्यांनी चष्मा लावला आणि वाचायला लागले. ते सावकाश वाचायचे. लोकांची पत्रं वाचून दाखवायची सवय, त्यामुळे ओठ हलायचे. एकदा वाचून झाल्यावर त्यांनी पुन्हा पहिल्यापासून वाचलं. मग एका ओळीवर बोट ठेवलं.

"'प्रतिवादी क्रमांक एक यांनी समन्स घेण्यास नकार दिला.' प्रतिवादी क्रमांक एक म्हणजे मी?"

"हो."

"कधी?"

"चौदा मार्च."

त्यांनी कपाटातून पोस्टाची रोजची वही काढली, पानं उलटली. "चौदा. शनिवार, बाजार. मी अकरापासून दोनपर्यंत या खुर्चीवर. एक मनीऑर्डर, तीन रजिस्टर, पोस्टकार्डं विकली बावीस." वही मिटली. "कोर्टाचं कुणी आलं नाही."

त्यांनी कागद पुन्हा उचलला.

"'सबब एक प्रत राहत्या घराच्या दर्शनी दरवाजास चिकटवली.'" त्यांनी ते मोठ्यानं वाचलं, उठले आणि दाराशी गेले. दार जुनं सागवानी होतं. त्यांनी वरपासून खालपर्यंत हात फिरवला. मग बाहेर जाऊन दुसऱ्या बाजूनं फिरवला. वाकून बघितलं. आत आले.

"खळीचा डाग जात नाही, जावईबापू. ह्या पेटीवर मी वीस वर्षांपूर्वी सुट्ट्यांची यादी चिकटवली होती, अजून दिसते."

"काय झालंय?" मामी दारात आल्या. "कसला कागद?"

"मी कागद घ्यायला नकार दिला, असं लिहिलंय."

"कागद ऱ्हाऊ द्या. पोरीचं काय लिहिलंय?"

"मुलगी बापाच्या ताब्यात द्यावी."

मामी उंबऱ्यावरच खाली बसल्या. रडल्या नाहीत. म्हणाल्या, "आन आपण कवा बघायची तिला?"

मामांनी पुन्हा कागद डोळ्यांपुढं धरला. "ते लिहिलेलं नाही."

"सणासुदीचं? दिवाळीचं?"

"नाही."

"वरच्या पानावर बघा."

"बघितलं."

"मागं?"

मामांनी पान उलटलं. मागं कोरं होतं. त्यांनी ते मामींना दाखवलं. मामींना वाचता येत नव्हतं, पण कोरं पान कळत होतं.

हुकुमात त्यांच्याविषयी काही नव्हतं, कारण मागायला ते तिथं नव्हते. न्यायाधीशाला कुणी विचारलंच नाही की आजीनं नातीला कधी भेटायचं. हे मला तोवर सुचलं नव्हतं. मी अकरा वर्षांत 'नकार' असे कितीतरी शेरे बघितले होते, दोन-चार खोटेही असतील. त्या शेऱ्यामुळे कागदावर काय यायचं राहून जातं, ते मी कधी बघितलं नव्हतं.

"कपडे काढ तिचे," मामा मामींना म्हणाले.

"आवं, पर..."

"कोर्टाचा हुकूम आहे. काढ."

मामी आत गेल्या. ट्रंक उघडल्याचा आवाज आला. मामा खुर्चीवर बसले आणि मला म्हणाले, "एक सांगा. नाव नका सांगू कुणाचं. कुणी आलं होतं का?"

"नाही."

"तुम्हाला ठाऊक होतं?"

"होतं."

त्यांनी मान हलवली. पत्रं लावायची राहिली होती ती लावायला घेतली. चार-पाच पत्रं लावून झाल्यावर म्हणाले, "म्हातारी मेली असं पत्र आलं की लोक घेत नाहीत. शिव्या देतात. दार लावून घेतात. तरी मी 'नाकारलं' असं कधी लिहिलं नाही. दारात बसायचो. संध्याकाळपर्यंत माणूस घेतोच." मग म्हणाले, "मला मिळालं असतं तर मी आलो असतो."

"काय सांगितलं असतं कोर्टाला?"

"ते कोर्टालाच सांगितलं असतं. तुम्हाला कशाला सांगू?"

पाचच्या बसला आम्ही सगळे फाट्यावर गेलो. चित्राच्या अंगावर नवा फ्रॉक होता. हातांवरच्या तारखा मामींनी घासल्या होत्या, तरी पुसट दिसत होत्या. ती कपड्यांच्या पिशवीवर बसली होती. तिला सांगितलं होतं की दादांच्या गावाला जायचं. तिनं एकदाच विचारलं, "आबा, तुम्ही मागच्या बशीनं येणार?" मामा म्हणाले, "बघू."

बस आली. मामांनी पिशवी उचलून माझ्यापुढं धरली. दुसऱ्या हातानं पोरीचा हात माझ्याकडे केला. घेतला असता तर संपलं होतं. हुकूम पक्का होता, पोरगी माझी होती, आणि सासरे स्वतः तिला हातात देत होते.

"मामा, तिला घरी न्या," मी म्हणालो.

"का?"

"समन्स बजावलं गेलेलं नाही."

कंडक्टर म्हणाला, "चला ओ, किती तिकिटं?" मी म्हणालो, एक. बस सुटल्यावर मागच्या काचेतून बघितलं तर मामी पोरीला उचलून घेऊन उभ्या होत्या आणि मामा पिशवी हातात धरून तसेच.

सोमवारी मी जिल्ह्याला गेलो आणि लेखी दिलं की माझ्या अर्जात समन्सची बजावणी झालेली नाही, हे मला माहीत होतं, हुकूम रद्द करावा. वकिलांनी माझं वकीलपत्र परत केलं. म्हणाले, "सांगळे, जिंकलेली केस हरणारा अशील मी पहिल्यांदा बघतोय."

हिरवे मला कोर्टाच्या जिन्याखाली भेटला. त्याला नोटीस निघाली होती.

"तुझ्यासाठीच केलं ना रे मी?"

"हो."

"माझी दोन पोरं शाळेत आहेत. तुला फक्त तुझीच दिसली?"

त्याच्या दोन वेतनवाढी रोखल्या आणि लांब बदली केली. माझी एक रोखली आणि मला बेलीफचं काम काढून रेकॉर्ड रूममध्ये टाकलं. हिरवे पुढं कधी माझ्याशी बोलला नाही. तो चुकीचा होता असं मी म्हणत नाही.

पहिला हुकूम रद्द झाला, नवं समन्स निघून आमच्या नाझरांकडे आलं आणि मी तसं मामांना पोस्टकार्डानं कळवलं. ते घेऊन मळेवाडीला कोण जाणार याची अजून नेमणूक व्हायची होती, तोच मामा पहिल्या बसनं आले. धुतलेलं धोतर, डोक्यावर टोपी, खिशाला पेन. मी रेकॉर्डच्या खिडकीतून बघत होतो. ते नाझरांच्या टेबलासमोर उभे राहिले.

"रंगनाथ लक्ष्मण आव्हाड, मळेवाडी. माझ्या नावाचं समन्स आलंय. द्या."

नाझर म्हणाले, "बाबा, आमचा माणूस घेऊन येईल. तुम्ही कशाला तंगडतोड केली?"

"मागल्या वेळी तुमच्या माणसाला माझं घर सापडलं नाही. म्हटलं आपणच यावं."

कचेरीतले दोघं-तिघं हसले. नाझर हसले नाहीत. त्यांनी कागद दिला. मामांनी आधी पूर्ण वाचला, मग सही केली, सहीखाली तारीख घातली आणि तारखेखाली वेळ. बाहेर पडताना खिडकीशी थांबून मला म्हणाले, "मामीनं थालीपीठं दिलीत. डबा परत पाठवा."

तारखेला मामांनी वकील लावला नव्हता. मीही लावला नव्हता. न्यायाधीशांनी मामांना विचारलं, तुमचं म्हणणं काय आहे?

"साहेब, मुलगी बापाची आहे. आम्ही नाही म्हणत नाही. माझं विचारणं एवढंच आहे. हे सकाळी जातात, संध्याकाळी येतात. ती शाळेतून दुपारी आली तर दार कोण उघडणार? ताप आला तर उशाशी कोण बसणार? आमची मुलगी सात दिवस आजारी होती, साहेब. पहिले तीन दिवस हे कोर्टाचे कागद वाटत होते. दोष देत नाही. नोकरी आहे. पण ह्यांनी एवढं सांगावं, दार कोण उघडणार. सांगितलं की पोरगी आजच देतो."

न्यायाधीश माझ्याकडे वळले. "सांगा."

मी उभा होतो. पहिले तीन दिवस मी खरंच वाटपावर होतो. रत्ना म्हणाली होती, नुसता ताप आहे, जा तुम्ही. हे मी कुणाला सांगितलं नव्हतं. मामांना तिनंच सांगितलं असणार, किंवा त्यांनी दिवस मोजले असणार.

"सांगता येत नाही, साहेब," मी म्हणालो.

हुकूम असा झाला. पालक म्हणून बापाचा हक्क कायम. चौथी पूर्ण होईपर्यंत मुलगी आजी-आजोबांकडे राहील. बाप दर रविवारी तिला भेटेल. एक जून ब्याण्णव रोजी आजोबांनी ताबा द्यावा.

पाच वर्षं. हिरवेनं दोनच सांगितली होती.

पाच वर्षांतले रविवार मी चुकवले नाहीत. फक्त दोनदा पूर आला तेव्हा नाही गेलो. चित्रा मला आधी पाव्हणं म्हणायची, मग रविवारचे दादा, मग दादा. ती दुसरीत असताना तिला गोवर आला. तेव्हा मी रजा घेऊन नऊ दिवस तिथं राहिलो. उशाशी बसलो. मामी मला तांदळाची पेज करायला शिकवत होत्या आणि माझ्यावर ओरडत होत्या की गुठळ्या होतायत. घरी आल्यावर मी रत्नाची साडी दोरीवरून काढली. घडी नीट नाही आली, पण घातली.

एक जून ब्याण्णवला सकाळी दार वाजलं. मी रजा काढली होती. मी मळेवाडीला जाऊन तिला आणणार होतो, तसं ठरलंही होतं. दारात मामा, मामी आणि चित्रा. मामा तोवर निवृत्त झाले होते.

"मी येणार होतो ना," मी म्हणालो.

"ताबा आजोबांनी द्यावा, असं हुकुमात आहे," मामा म्हणाले. "घेऊन जावा, असं नाही."

चित्रा सरळ आत गेली आणि म्हणाली, "दादा, माझं दप्तर कुठं ठेवू?" मामींनी स्वयंपाकघर बघितलं, डबे उघडून बघितले, एका डब्यातल्या डाळीला नावं ठेवली.

मामांनी शाळेचा दाखला माझ्या हातात दिला. मग आतल्या खिशातून एक घडी घातलेला कागद काढला. मी ओळखला. पाच वर्षांपूर्वी मी त्यांना दिलेली, रद्द झालेल्या पहिल्या हुकुमाची प्रत. त्यांनी ती उलटी करून टेबलावर ठेवली. मागचं पान आता कोरं नव्हतं. पोस्टातल्या ठळक अक्षरात लिहिलं होतं:

'कु. चित्रा हिला आज रोजी तिचे वडील यांचे हाती समक्ष दिली. प्रकृती उत्तम.'

त्याखाली एक ओळ सोडून:

'दिवाळी व मे महिना आजीकडे.'

"वरचं माझं," मामा म्हणाले. "खालचं जज्जानं लिहिलेलं नाही. हिनं लिहायला सांगितलंय. पटलं तर सही करा, नाही तर वरच्यापुरती करा."

मामी स्वयंपाकघराच्या दारात उभ्या होत्या, हातात डाळीचा डबा तसाच.

मामांनी खिशाचं पेन काढून दिलं. मी दोन्ही ओळींच्या खाली सही केली. तारीख घातली. मामा थांबून राहिले, तेव्हा वेळही घातली. नऊ वाजून वीस मिनिटं.

त्या कागदाला कोर्टात काही किंमत नव्हती. आम्ही तो सतरा वर्षं पाळला, मामा गेल्यावरही, चित्राचं लग्न झाल्यावरही. मामी गेल्या त्या वर्षीच्या मे महिन्यापर्यंत.